अलिबाग-मुरूड एका दिवसात: सहलीची बस बरी की आपलं आपण?

दिवाळी उलटली की सोसायटीच्या आणि ज्येष्ठ नागरिक संघाच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर जाहिराती पडायला लागतात. ‘एक दिवसीय कोकण दर्शन. पहाटे निघणे, रात्री परत. चहा, नाश्ता, जेवणासहित. सोबत माहितगार मार्गदर्शक.’ खाली ठिकाणांची यादी इतकी लांब की वाचूनच दमायला होतं: अलिबाग, कुलाबा किल्ला, नागाव, रेवदंडा, काशीद, मुरूड, जंजिरा. यात नाव द्यावं, की गेटवेवरून लाँच पकडावी, की सरळ गाडी काढावी?

माझ्या मते हे दोन गोष्टींवर ठरतं. नेमकं कुठे जायचंय, आणि त्या दिवशी तिथी कोणती आहे. पहिली गोष्ट लोक विचारतात. दुसरी फारसं कुणी विचारत नाही, आणि जाहिरातीत तर ती कधीच नसते.

आधी रस्त्याचा हिशेब

दादरहून पनवेल, पेण, वडखळमार्गे अलिबाग शंभरेक किलोमीटर आहे. पहाटे निघालं तर नाश्त्याचा थांबा धरून तीन-साडेतीन तास. अलिबागच्या पुढे मुरूड आणखी पन्नासेक किलोमीटर, पण या पन्नासात घाई चालत नाही. आक्षी, नागाव, चौल, रेवदंडा ही सगळी नारळी-पोफळीच्या वाड्यांची गावं आणि रस्ता त्या वाड्यांच्या कुंपणांमधून जातो. समोरून एसटी आली की 45 सीटर बसचा क्लीनर खाली उतरतो, मागचा रिक्षावाला मागे घेतो, एक आरसा दुमडला जातो आणि मग दोन्ही गाड्या वीतभर अंतराने सुटतात. मुंबई ते मुरूड एकेरी साडेचार-पाच तास सहज जातात. म्हणजे मुरूडच्या सहलीत नऊ-दहा तास तुम्ही बसमध्येच असता.

त्यात पिकअप. बस बोरिवलीहून निघून अंधेरी, दादर, सायन, वाशी असं करत माणसं गोळा करते. बोरिवलीचा माणूस साडेचारला अंघोळ करून रस्त्यावर उभा असतो, वाशीचा साडेसहाला चहा पिऊन चढतो, आणि पैसे दोघांनी सारखेच भरलेले असतात. रात्री हाच क्रम उलटा होतो, वाशीवाला आधी घरी. पहिल्या पिकअपवर राहत असाल तर मुरूडचा विचार दोनदा करा.

फक्त अलिबाग असेल तर लाँच

इथे मला फारशी शंका नाही. गेटवेहून मांडव्याला लाँच तासाभरात पोचते आणि ठरावीक कंपन्यांच्या तिकिटात मांडवा ते अलिबाग बस धरलेली असते. तिकीट काढताना तेवढं विचारून घ्या. मांडवा-अलिबाग वीसेक किलोमीटर. नाश्ता गेटवेजवळ केलात तरी साडेनऊ-दहाला तुम्ही अलिबागला असता. सहलीची बसही साधारण तेव्हाच पोचते, पण तिच्यातली माणसं चार-पाच तास आधी उठलेली असतात. शिवाय हिवाळ्यात लाँचबरोबर कुरव उडत येतात, ते बघायला मुलं वरच्या डेकवरून हलत नाहीत.

गैरसोयी आहेत. डोंबिवली-कल्याण किंवा विरारहून गेटवेला पोचणं हाच एक प्रवास आहे. रविवारचा मेगाब्लॉक सहसा अकराच्या आसपास सुरू होतो, त्यामुळे सकाळी तो आडवा येत नाही. शेवटची लाँच फार उशिरा नसते, म्हणून सूर्यास्त बघून निघू म्हणाल तर जमायचं नाही. गुडघे दुखणाऱ्या माणसाला धक्क्यावरून हलत्या लाँचमध्ये पाय टाकताना कुणीतरी हात द्यावा लागतो. डिसेंबर 2024 मध्ये घारापुरीला निघालेल्या लाँचला नौदलाची स्पीडबोट धडकून माणसं गेली, तेव्हापासून लाइफ जॅकेटची ताकीद कडक झाली आहे. उकडतं म्हणून ते काढून मांडीवर घेऊन बसू नका.

स्वतःची गाडी हवीच असेल तर भाऊच्या धक्क्यावरून मांडव्याला रो-रो आहे, 2020 पासून. गाडी बोटीत चढवा आणि वडखळच्या वाहतूक कोंडीचा सगळा त्रास विसरा. अटल सेतू घेतला तर शिवडीहून चिर्ल्याला उतरता, कारला एकेरी 250 रुपये टोल पडतो, वाशी-पनवेलची गर्दी टळते. वडखळ मात्र टळत नाही. रविवारी संध्याकाळी पोयनाड ते पेण या पट्ट्यात बसवाला आणि कारवाला एकाच रांगेत असतात. फरक इतकाच की बसमध्ये तुम्ही झोपू शकता.

तिथी बघायची ती का

कुलाबा किल्ला हा अलिबागच्या सहलीचा जीव. ओहोटीला किनाऱ्यावरून चालत जाता येतं, घोडागाड्याही जातात. भरतीला होडी करावी लागते. आत सिद्धिविनायकाचं देऊळ आहे आणि चारी बाजूंनी खारं पाणी असून गोड्या पाण्याच्या विहिरी आहेत. पण ओहोटी रोज सुमारे पन्नास मिनिटांनी पुढे सरकते आणि सहलीची बस रोज दहालाच पोचते.

कोळी आणि होडीवाले पूर्वीपासून एक साधा हिशेब करतात: तिथीला पाऊणने गुणा, भरतीची वेळ मिळते. पंचमी असेल तर पाच पाऊणे पावणेचार, म्हणजे पावणेचारच्या सुमारास भरती आणि त्याच्या सहा तास अलीकडे, सकाळी पावणेदहाला ओहोटी. बस पोचते तेव्हा वाट उघडी. एकादशीला भरती सव्वाआठला, ओहोटी दुपारी सव्वादोनला. जेवण उरकून किल्ला करायला उत्तम. पौर्णिमा-अमावास्येला मात्र भरती साडेअकरा-बाराच्या आसपास येते, तीही उधाणाची. त्या दिवशी बसवाले किनाऱ्यावर उभे राहून लांबून किल्ल्याचे फोटो काढतात, नाहीतर वेगळे पैसे देऊन होडी करतात. अष्टमीला ओहोटी बाराला म्हणजे सोयीची वाटते, पण तेव्हा भांग असतो, म्हणजे भरती-ओहोटीला जोर नसतो, पाणी फारसं हटत नाही, घोट्याच्या वर भिजायची तयारी ठेवा.

हा हिशेब ढोबळ आहे. नक्की वेळ बघायला भरती-ओहोटीचं कोष्टक असतंच. पण सहलीची तारीख बघून बोटांवर एवढं मोजलंत तरी आयोजकाला पहिला प्रश्न विचारता येतो: ‘त्या दिवशी किल्ल्यावर चालत जाणार की होडीने? होडीचे पैसे कुणाचे?’ यावर ‘तिकडे गेल्यावर बघू’ असं उत्तर आलं तर काय ते समजून घ्या. आपलं आपण गेलात तर यातलं काहीच अडत नाही. सकाळी नागाव, दुपारी किल्ला, किंवा उलटं. चालत गेलात तर वाट बुडायच्या बऱ्याच आधी परत फिरा, चढत्या पाण्यातून येण्याचं धाडस नको.

जंजिरा असेल तर बसचं पारडं जड

मुरूडपर्यंत स्वतः गाडी चालवून त्याच दिवशी परत येणं म्हणजे ड्रायव्हिंग करणाऱ्याची सहल नाहीच. तो जंजिऱ्यातही परतीच्या रस्त्याचाच विचार करत असतो. लाँच-रिक्षा-एसटी करत गेलात तर दिवस उरत नाही. इथे बस खरंच उपयोगी पडते, आणि त्याला एक कारण असं आहे जे मला राजपुरीच्या धक्क्यावर, जिथून जंजिऱ्याच्या होड्या सुटतात तिथे, दिसलं. शिडाची होडी माणसं भरल्याशिवाय निघत नाही. दोघं-तिघं गेलेली माणसं उन्हात ताटकळतात. बसमधून चाळीस जण उतरले की होडी लगेच भरते. आयोजक नेहमीचा असेल तर होडीवाल्याशी आधीच बोलणं झालेलं असतं.

किल्ल्यात मात्र वेळ मोजून मिळतो. 22 एकरांचा किल्ला, कलाल बांगडी तोफ, गोड्या पाण्याचे तलाव, पडक्या वाड्यांचे मजले. होडीवाला हाक मारतो तेव्हा निम्मं बघायचं राहिलेलं असतं. ज्यांना किल्ले सावकाश बघायची सवय आहे त्यांनी मुरूडला मुक्काम करावा, एका दिवसाच्या भानगडीत पडू नये.

काशीदला पांढरी वाळू आहे आणि पोरं पाण्यात जाणारच. शिस्तीचा आयोजक इथे उपयोगाचा: किती वाजेपर्यंत, कुठपर्यंत, हे ओरडून सांगणारा आणि शिट्टी वाजवून माणसं मोजणारा. 2016 मध्ये मुरूडच्या किनाऱ्यावर पुण्याहून सहलीला आलेले 14 विद्यार्थी बुडाले. रायगडचे किनारे सपाट दिसतात म्हणून लोक आत चालत जातात आणि भरती फिरली की पाणी मागूनही येतं.

मार्गदर्शक म्हणजे नक्की कोण

‘माहितगार मार्गदर्शक’ हा जाहिरातीतला सगळ्यात सैल शब्द. बहुतेक वेळा तो आयोजकाचा माणूस असतो: डोकी मोजतो, पाण्याच्या बाटल्या वाटतो, हाउजी खेळवतो, उलटीच्या पिशव्या देतो. ही कामं कमी नाहीत, कार्लेखिंडीच्या वळणांवर त्यांची किंमत कळते. पण इतिहासाची अपेक्षा ठेवून जाऊ नका. जंजिऱ्यात तर समुद्राखालून राजपुरीपर्यंत भुयार आहे असं छातीठोक सांगणारे भेटतात. संभाजी महाराजांनी 1682 मध्ये जंजिऱ्यावर चाल करताना समुद्रात भराव टाकायला घेतला होता, ही खरी गोष्ट त्या भुयारापेक्षा रंजक आहे, ती मात्र क्वचित ऐकू येते.

माझी एक चाचणी आहे. आयोजकाला विचारा, ‘आक्षीच्या शिलालेखापाशी थांबणार का?’ शके 934 चा, म्हणजे इसवी सन 1012 चा हा शिलालेख मराठीतल्या सगळ्यात जुन्या लेखांत गणला जातो. अलिबागहून रेवदंड्याला जाणारी प्रत्येक बस आक्षीवरूनच जाते आणि बहुतेक थांबत नाहीत. थांबायला दहा मिनिटं पुरतात. ‘हो, थांबतो’ म्हणणारा माणूस मिळाला तर बाकीची सहलही बरी असण्याची शक्यता आहे. अलिबागला कान्होजी आंग्र्यांची समाधी आहे, 1904 पासूनची भूचुंबकीय वेधशाळा आहे. मुंबईत ट्राम विजेवर चालणार म्हणून तिथल्या कुलाबा वेधशाळेची मोजमापं बिघडू नयेत यासाठी ती इकडे हलवली होती. हे सांगणारा कुणी भेटला तर त्याचा नंबर जपून ठेवा, मलाही द्या.

जेवण

बसच्या सहलीत जेवण ठरलेल्या हॉटेलात असतं, जिथे त्याच वेळी आणखी दोन बस उभ्या असतात. शाकाहारी थाळी पॅकेजमध्ये, मासे बहुधा वरचे पैसे देऊन, आणि सुरमईची तुकडी चाळीस जणांत पुरवायची म्हटल्यावर तिची जाडी काय असणार ते सांगायला नको. आपलं आपण गेलात तर नागाव-रेवदंड्याकडच्या घरगुती खानावळीला सकाळीच फोन करून ताटं सांगून ठेवा: तांदळाची भाकरी, बांगडा किंवा कोलंबी, सोलकढी, शाकाहारींना वालाचं बिरडं आणि उकडीचे मोदक. आयत्या वेळी गेलात तर ‘संपलं’ ऐकायची तयारी ठेवा. फेब्रुवारी ते मे या काळात गेलात तर अलिबागच्या पांढऱ्या कांद्याच्या माळा रस्त्याच्या कडेला टांगलेल्या दिसतात. बसवाले परतीला अंधारात तिथून सुसाट निघतात, तेव्हा कांदे हवे असतील तर सकाळीच थांबवायला सांगा.

आई-बाबांना न्यायचं असेल तर

इथे माझं मत बसकडे झुकतं, अंतर कमी असेल तर. दारात चढणं, दारात उतरणं, औषधांची पिशवी सीटवर ठेवून फिरता येणं, बरोबरीची चार माणसं गप्पांना. बायकांसाठी स्वच्छतागृहाचा प्रश्न मोठा असतो आणि नेहमीच्या आयोजकाला कुठलं हॉटेल स्वच्छ आहे हे माहीत असतं. पण वयस्कांचा गट असेल तर यादीतून जंजिरा काढायला लावा, होडीत चढता-उतरताना हाल होतात. पैसे हाच मुद्दा असेल तर एसटी विसरू नका: महिलांना अर्धं तिकीट, 65 ते 75 वयापर्यंत अर्धं, 75 च्या पुढे फुकट. आणि गट मोठा असेल तर एसटीचीच अख्खी गाडी प्रासंगिक करारावर घेता येते. मग थांबे तुम्ही ठरवाल.

विरार-पालघरच्या बाजूला राहणाऱ्यांनी हे सगळं सोडून केळव्याला जावं. डहाणू लोकलने केळवे रोड, तिथून रिक्षा, सुरूची झाडं, शीतलादेवीचं देऊळ, संध्याकाळी घरी. बसची गरजच नाही.

दिवेआगर-हरिहरेश्वर एका दिवसात दाखवतो म्हणणाऱ्याला नाही म्हणा. मुंबईहून दोनशेच्या आसपास किलोमीटर होतात. हरिहरेश्वरची प्रदक्षिणेची वाट खडकांवरून जाते आणि तीही ओहोटीलाच करता येते. तुमची बस पोचेल तेव्हा ती पाण्याखाली असली तर देवळाबाहेर सरबत पिऊन परत यायचं. पावसाळ्यात गेटवेची लाँचही बंद आणि जंजिराही बंद, तेव्हा त्या महिन्यांतल्या ‘कोकण दर्शना’त किनारा खिडकीतूनच दिसणार हे धरून चला.

नाव द्यायचं ठरलंच तर पैसे भरण्याआधी फोनवर एवढं विचारा: बस किती सीटर आणि पुशबॅक आहे का, पहिला पिकअप कुठे, शेवटचा कितीला, होडी आणि किल्ल्याचं तिकीट धरलंय का, माणसं कमी भरली तर सहल रद्द होते की लहान गाडी येते, आणि रद्द झाली तर पैसे किती दिवसांत परत. छोटी, वीस-पंचवीस सीटची गाडी मिळत असेल तर थोडे जास्त पैसे देऊनही तीच घ्या, चौल-रेवदंड्याच्या रस्त्यावर तिचा अर्धा तास तरी वाचतो. आणि चाकावरची सीट मिळाली तर बदलून मागा.