सातव्या भागापासून सुरुवात करावी का?

दुसऱ्या महायुद्धातल्या ब्रिटिश लष्कराचं आतलं जग कादंबरीतून वाचायचं असेल, तर दोन नावं हमखास पुढे येतात. एक, अँथनी पॉवेल यांची ‘द व्हॅली ऑफ बोन्स’ (१९६४). दुसरं, इव्हलिन वॉ यांची ‘मेन ॲट आर्म्स’ (१९५२). दोन्ही लेखक त्या युद्धात लष्करात होते आणि दोन्ही पुस्तकं मालिकेतली आहेत. फरक असा की वॉ यांची मालिका तीन भागांत आटोपते. पॉवेल यांचा मात्र बारा भागांचा संसार आहे आणि हा त्यातला सातवा भाग. (आडनाव लिहायचं पॉवेल, ते स्वतः म्हणायचे ‘पोल’.)

वॉ यांचा नायक गाय क्राउचबॅक पस्तिशीतला, घटस्फोटित, कट्टर कॅथलिक. युद्ध म्हणजे धर्मयुद्धच, अशा समजुतीनं तो पलटणीत शिरतो. तिथे त्याला भेटतो ॲपथॉर्प. हा गृहस्थ स्वतःचा फिरता संडास सोबत बाळगतो, आणि त्याच्यावर हक्क कुणाचा यावरून त्याची आणि ब्रिगेडियरची चक्क लढाई जुंपते. हसून पोट दुखतं. पुढच्या भागात क्रीट या ग्रीक बेटावरची माघार येते, तेव्हा ते हसू पार मावळतं. थोडक्यात, इथे कथानक आहे, भ्रमनिरासाची चढती कमान आहे.

पॉवेल यांच्याकडे कमान वगैरे काही नाही. वेल्श पलटणीत नवखा सेकंड लेफ्टनंट म्हणून दाखल झालेला निक जेन्किन्स फक्त पाहत राहतो. पलटण उत्तर आयर्लंडला जाते. लढाई नाहीच, आहे तो कंटाळा, कवायत आणि कागदपत्रं. जनरल पाहणीला येतो आणि एकेका जवानाला विचारतो काय, तर पॉरिज (ओटची लापशी) आवडतं का! ‘नाही’ म्हणणारा भेटला की साहेब अस्वस्थ. सरकारी पाहणी ज्यानं अनुभवली आहे त्याला हा प्रसंग वेगळा समजवावा लागणार नाही.

पण पुस्तक खऱ्या अर्थानं कॅप्टन ग्वॅटकिनचं आहे. बँकेतला हा माणूस सैनिकी पेशाकडे व्रतासारखा पाहतो, हुकूम सोडताना मनातल्या मनात कुठल्याशा वीरकथेत असतो आणि साध्यासाध्या गोष्टींत घोळ घालतो. त्यात एका बारमधल्या मुलीवर जीव जडतो. शेवटी त्याची कंपनी, म्हणजे हाताखालची सैनिकांची तुकडी, हातातून जाते. पॉवेल त्याची टर उडवत नाहीत, दयाही दाखवत नाहीत. मला तो ॲपथॉर्पपेक्षा जास्त आठवतो.

तेव्हा निवड कशी करायची? गोष्ट हवी असेल, तीन पुस्तकांत मोकळं व्हायचं असेल, तर वॉ घ्या. १९६५ साली त्यांनी तिन्ही भाग सुधारून एकत्रही केले. मात्र गायच्या श्रद्धेशी तुमचं जमलं नाही, तर तिसरा भाग जड जाईल. बराकीतली माणसं हवी असतील तर पॉवेल. मागचे सहा भाग न वाचताही ‘व्हॅली’ चालते, कारण पलटणीतली मंडळी जेन्किन्सलाही नवीनच असतात.

अडचण एकाच जागी येते, अगदी अखेरीस. जेन्किन्सची डिव्हिजनच्या मुख्यालयात बदली होते आणि टेबलामागे बसलेला निघतो विडमरपूल. पहिल्या भागापासून त्याला ओळखणारा वाचक इथे कपाळाला हात लावतो. तुम्ही म्हणाल, कोण हा विडमरपूल?