ओटीपी कुणालाच सांगितला नाही, तरी ८७,५०० गेले

फोन मी केला होता, त्यांचा आला नव्हता. हे आधीच सांगतो, कारण अनोळखी फोन उचलला नाही की झालं, असंच मीही धरून चाललो होतो.

शनिवारी संध्याकाळी एटीएमवर नव्या कार्डाला जुन्याचा पिन टाकत बसलो. तिसऱ्या वेळी कार्ड ब्लॉक. शाखा बंद, सोमवारी पहाटे पुण्याला निघायचं. घरी येऊन नेटवर बँकेच्या नावापुढे कस्टमर केअर टाकलं आणि वर दिसला तो दहा आकडी मोबाईल नंबर लावला. खरा नंबर कार्डाच्या मागे बारीक अक्षरात होता. चष्मा टीव्हीवर राहिला होता, उठायचा कंटाळा केला. तो कंटाळा महागात पडला.

पलीकडचा मुलगा फार अदबीनं बोलत होता. मागे कीबोर्डची टकटक, आणखी दोघा-तिघांचे आवाज. म्हणाला, "काका, ओटीपी आला तर कुणालाही सांगू नका. मलासुद्धा नाही." इथेच मी विरघळलो. चोर असं कशाला सांगेल?

मग व्हॉट्सॲपवर बँकेच्या लोगोची एपीके, म्हणजे फोनमध्ये ॲप बसवायची फाइल आली. फोन धोक्याची सूचना देत होता. तो म्हणाला, "बँकेचं आतलं ॲप आहे म्हणून तसं दाखवतं, अलाऊ करा." अलाऊ केलं. त्यात एसएमएस वाचायची परवानगीही गेली, हे नंतर कळलं. पुढे आलेल्या फॉर्ममध्ये नेटबँकिंगचा युजर आयडी, पासवर्ड मीच भरला. ओटीपी मागायची त्याला गरजच नव्हती, माझे मेसेज त्याच्याकडे परस्पर जात होते. आधी ४९,००० गेले, मग ३८,५००. "काका, लाइनवर राहा" असं म्हणत त्यानं मला गुंतवून ठेवलं होतं.

बायकोच्या फोनवरून १९३०, म्हणजे सायबर फसवणुकीच्या तक्रारीचा सरकारी नंबर लावला, मग कार्डामागच्या नंबरवर कळवून खातं बंद करवलं. माझ्या फोनचं नेट आणि सिम आधी काढलं असतं तर बरं झालं असतं, पण तेव्हा हातपाय गळाले होते. दुसरी रक्कम पुढच्या खात्यात अडवता आली. पहिली तोवर कुठल्या कुठे गेली होती.

शाखेत रिझर्व्ह बँकेचं २०१७चं परिपत्रक दाखवलं: ग्राहकाच्या निष्काळजीपणानं पैसे गेले तर बँकेला कळवेपर्यंतचं नुकसान ग्राहकाचं. वाद घालायला तोंड नव्हतं. पासवर्ड मीच भरलेला.

काउंटरवरच्या बाईंनी सहज विचारलं, "पिन चुकून ब्लॉक झालेलं ना? ते आपल्याकडे चोवीस तासांनी आपोआप सुरू होतं." काही केलं नसतं तरी रविवारी संध्याकाळी पैसे निघाले असते.

अडवलेले ३८,५०० सोडवायला कोर्टात गेलोय. अर्ज दिलाय, तारखेची वाट बघतोय.