तयार भिजवलेला चुना: वाड्याच्या भिंतीसाठी कसा आहे?

पुण्याचा विश्रामबागवाडा उभा राहिला १८०७च्या सुमारास. पोर्टलँड सिमेंटचं पेटंट निघालं १८२४ साली. पेठांमधल्या जुन्या वाड्यांच्या भिंती चुना-मातीच्या, त्यांना सिमेंटचा गिलावा मानवत नाही. आतली ओल कोंडते, लोणा (भिंतीतले क्षार) वर चढतो, भिंतीत गेलेलं तुळईचं टोक कुजतं. शेजारी बारा मजले उठत असताना जो वाडा टिकवायचाय, त्याच्यासाठी चुना डब्यात तयार मिळणं ही मोठी सोय आहे. चुनकळी (भाजलेल्या चुन्याचे खडे) आणून हौदात पाण्याने विझवायला, मुरवायला आता जागा कुठे उरलीय?

डबा उघडल्यावर वर बोटभर निवळी, म्हणजे नितळ पाणी हवं आणि खालचा चुना थापीवर चक्क्यासारखा उभा राहायला हवा. रबरी हातमोजे घालून चिमूटभर चोळून बघा. खर लागली तर चाळून घ्या, कारण न विझलेला कण गिलाव्यात महिन्यांनी फुगतो आणि टवका उडवतो. विझवल्याची तारीख नसलेला डबा घेऊच नये. कोरड्या चुन्याची पिशवी हा पर्याय नाही. हवा लागून तो बऱ्याचदा आधीच मेलेला असतो, मग धरत नाही.

एक घमेलं चुना, एक सुरखी (विटांची भुकटी), दोन धुतलेली वाळू. मिश्रण कोरडं वाटलं तरी कुटत राहा, मऊ येतं. वरून पाणी ओतलं की तडे ठरलेले. भिंतीवरचं सिमेंट काढून, सांधे खरवडून, भिंत आदल्या दिवशी भिजवायची. थर १० ते १२ मिमी, त्याहून जाड नको, पुढचा आठवड्याने. ओलं गोणपाट निदान ७ दिवस.

काम बिघडतं ते इथेच. गवंड्याला दुसऱ्या दिवशी कडक भिंत हवी असते, म्हणून तो मूठभर सिमेंट टाकतो. मग तो माल ना धड चुना, ना धड सिमेंट. चुना हवेतला कार्बन डायऑक्साइड घेत महिनोन्महिने घट्ट होतो, त्याला घाई चालत नाही. वैशाखातल्या उन्हात काम काढू नका, दिवाळीनंतर काढा. वर ॲक्रेलिक रंग लावलात तर केलेलं सगळं वाया. चुन्याचीच सफेदी द्या.

किंमत सिमेंटपेक्षा बरीच जास्त आहे आणि सुरखी वेगळी शोधावी लागते, तीही कमी भाजलेल्या विटांची. डोळ्यांना चष्मा हवाच. डब्यात उरलेला चुना फेकू नका. वर चार बोटं पाणी ठेवून झाकण घट्ट लावलं, तर पुढच्या दिवाळीला तो आणखी लोण्यासारखा झालेला असतो.