ठाण्याच्या रद्दीत येणारी मॉस्को छापाची पुस्तकं: घ्यावीत का, आणि घेताना काय बघावं

नौपाडा, चरई, पाचपाखाडीतल्या जुन्या इमारती पुनर्विकासाला निघाल्या की घरातली पुस्तकांची कपाटं सगळ्यात आधी रिकामी होतात आणि गठ्ठे रद्दीवाल्याच्या काट्यावर जातात. नेरूळ-वाशीच्या जुन्या सोसायट्यांतही तेच चालू आहे. या गठ्ठ्यांत सोव्हिएत काळात मॉस्कोत छापलेली इंग्रजी पुस्तकं बऱ्याचदा सापडतात. एके काळी ती मुंबईत अगदी थोड्या पैशांत मिळत. फोर्टच्या पीपल्स बुक हाऊसमधून घेतलेली पुस्तकं किती तरी मध्यमवर्गीय घरांत आजही आहेत. निकाल आधीच सांगायचा तर कादंबरी-कथा दिसली की उचला. इतिहासाचं पुस्तक असेल तर आधी साल बघा, मगच पाकीट काढा.

पहिल्या पानावर प्रकाशकाचं नाव असतं. १९६३ पासून ‘प्रोग्रेस’, त्याआधी ‘फॉरेन लँग्वेजेस पब्लिशिंग हाऊस’. १९८२ मध्ये साहित्याचा विभाग वेगळा होऊन ‘रादुगा’ झालं, विज्ञानाची पुस्तकं ‘मीर’ काढत असे. देवनागरीत छापलेल्या पुस्तकांवर ‘प्रगती प्रकाशन’ लिहिलेलं दिसेल.

बांधणीच्या बाबतीत ही पुस्तकं आजच्या बहुतेक पुस्तकांना मागे टाकतात. कापडी पुठ्ठ्याच्या आवृत्त्यांत फर्मे (एकत्र छापून दुमडलेल्या पानांचे जुडगे) दोऱ्याने शिवलेले आहेत, नुसते गोंदाने चिकटवलेले नाहीत. म्हणून सहाशे पानांची कादंबरीही टेबलावर उघडी ठेवली तर सपाट राहते आणि चाळीस वर्षांनी पानं सुटत नाहीत. पुठ्ठा कण्यापासून सुटला असेल तर घाबरू नका, बाइंडर तो पुन्हा बसवून देतो. शिवण तुटून फर्मा बाहेर आला असेल तर मात्र नीट तपासा.

तपासायची एक सोपी खूण आहे. या पुस्तकांत दर १६ किंवा ३२ पानांनी, म्हणजे प्रत्येक फर्म्याच्या पहिल्या पानावर, अगदी तळाशी बारीक टाइपात एक आकडा असतो. २, ३, ४ असा तो चढत जातो. दोन पानं पुढे तोच आकडा फुलीसह पुन्हा येतो. तेवढी पानं भराभर उलटत आकडे क्रमाने लागतात का बघा. मधला एखादा गेला तर आख्खा फर्मा गळालाय, आणि दुकानात नुसतं चाळून ते कळत नाही. मग शेवटचं पान उघडा. बऱ्याच प्रतींत तिथे वाचकांना विनंती छापलेली असते, की अनुवाद आणि मांडणी कशी वाटली ते कळवा, पत्ता १७, झुबोव्स्की बुलेवार्ड, मॉस्को. ते पान जागेवर असेल तर शेवट फाटलेला नाही. मॉस्कोतल्या संपादकाला आपल्याकडच्या वाचकाचं मत हवं होतं, ही गोष्ट आजही मनाला भिडते.

सगळ्यात जास्त फसगत सुट्या खंडांची होते. मार्गारेट वेटलिन या अमेरिकन बाई १९३२ पासून अनेक दशकं सोव्हिएत संघात राहिल्या. त्यांनी केलेला ‘आन्ना कारेनिना’चा प्रोग्रेसचा अनुवाद दोन खंडांत आहे आणि रद्दीत एकच खंड येणं नेहमीचंच. एकूण भाग ८ आहेत. तुमच्या हातातल्या खंडात कोणते आहेत ते अनुक्रमणिकेत मोजा. शोलोखोवच्या ‘अँड क्वाएट फ्लोज द डॉन’ या कादंबरीलाही हाच नियम: पूर्ण कथा चार पुस्तकांची आहे.

रशियन नावांना वैतागून कादंबरी अर्ध्यावर टाकणारे खूप आहेत. खरं तर मराठी वाचकाला ही पद्धत सोपी जायला हवी. मधलं नाव वडिलांचं, बस. आन्ना अर्काद्येव्ना कारेनिना आणि स्तेपान अर्काद्येविच ओब्लोन्स्की ही बहीणभावंडं आहेत हे मधल्या नावावरूनच कळतं. फरक इतकाच की लग्नानंतर आडनाव नवऱ्याचं आलं तरी बाईचं मधलं नाव वडिलांचंच राहतं. स्तेपानला घरचे स्तीवा म्हणतात. पुस्तकात एक कागद ठेवून नाव, मधलं नाव आणि लाडकं नाव शेजारी शेजारी लिहीत जा. पन्नासेक पानांनंतर कागद लागणार नाही.

काही पुस्तकं या गठ्ठ्यांत शोधूच नका. ‘डॉक्टर झिवागो’ १९५७ मध्ये इटलीत निघालं आणि सोव्हिएत संघात थेट १९८८ मध्ये छापलं गेलं. ग्रोसमनच्या ‘लाइफ अँड फेट’चं हस्तलिखित १९६१ मध्ये जप्त झालं होतं. तेही तिथे १९८८ मध्येच आलं. ही दोन्ही नवीच घ्यावी लागतील. बुल्गाकोवच्या ‘द मास्टर अँड मार्गारिटा’चा इंग्रजी अनुवाद घेताना अनुवादकाचं नाव बघा. १९६७ मध्ये दोन अनुवाद निघाले. मीरा गिन्सबर्गचा अनुवाद मासिकात काटछाट होऊन आलेल्या मजकुरावरून केलेला आहे, मायकेल ग्लेनीचा पूर्ण मजकुरावरून. गिन्सबर्गची भाषा गोड आहे, पण पहिल्या वाचनाला अपुरं पुस्तक देणं बरोबर नाही.

आता इतिहास. या पुस्तकांत छपाईचं सालच सगळं सांगतं. सोव्हिएत कम्युनिस्ट पक्षाचा १९३८ चा ‘शॉर्ट कोर्स’ हा स्टालिनच्या काळातला अधिकृत इतिहास. १९५६ च्या फेब्रुवारीत ख्रुश्चेव्हने पक्षाच्या विसाव्या काँग्रेसमध्ये, म्हणजे अधिवेशनात, स्टालिनवर टीका करणारं भाषण केलं आणि हा इतिहास बाजूला पडला. म्हणून त्याआधीचं आणि नंतरचं पुस्तक एकाच घटनेबद्दल वेगळं बोलतं. १९३९ च्या जर्मनीबरोबरच्या करारातली, पूर्व युरोपची वाटणी ठरवणारी गुप्त कलमं सोव्हिएत संघाने १९८९ च्या डिसेंबरात मान्य केली, कातिनच्या (पोलिश युद्धकैदी अधिकाऱ्यांच्या) हत्याकांडाची जबाबदारी १९९० च्या एप्रिलमध्ये. त्याआधीच्या मॉस्को छापाच्या पुस्तकात ही माहिती मिळणार नाही, उलट कातिनचा दोष जर्मनांवर टाकलेला असेल. सोव्हिएत संघातल्या १९३२-३३ च्या दुष्काळाचंही तसंच. अशी पुस्तकं त्या त्या काळी राज्यकर्ते काय सांगत होते हे समजून घ्यायला फार मोलाची आहेत. मात्र इतिहासाचं एकमेव पुस्तक म्हणून ती कुणा विद्यार्थ्याच्या हातात देऊ नका. सोबत शीला फिट्झपॅट्रिक यांचं ‘द रशियन रेव्होल्यूशन’ ठेवा. पहिली आवृत्ती १९८२ ची आहे, पण अभिलेखागारं खुली झाल्यानंतरची सुधारित आवृत्ती घ्या.

मूळ कागदपत्रांची गोष्ट वेगळी. लेनिनच्या समग्र वाङ्मयाचे इंग्रजीत ४५ खंड आहेत. सुटे खंड येत असतील तर २५ आणि २६ सोडू नका. १९१७ च्या उन्हाळ्यापासून १९१८ च्या सुरुवातीपर्यंतचं लेखन त्यात आहे आणि ‘राज्यसंस्था आणि क्रांती’ २५ व्या खंडात आहे. वाचताना तारखांत तेरा दिवसांचा फरक दिसला तर छपाईची चूक समजू नका. रशियाने जुनी दिनदर्शिका सोडून आपली आजची दिनदर्शिका घेतली, तेव्हा ३१ जानेवारी १९१८ च्या दुसऱ्या दिवशी तिथे १४ फेब्रुवारी उजाडली. त्यामुळेच ऑक्टोबर क्रांतीचा दिवस ७ नोव्हेंबरला येतो.

स्टेशनबाहेर फुटपाथवर मिळणाऱ्या नव्या स्वस्त आवृत्त्या बहुतेक गार्नेट किंवा मॉड दांपत्याच्या जुन्या अनुवादांच्या असतात. अनुवाद चांगलेच आहेत, पण काटछाट केलेली आवृत्ती माथी मारली जाते. मोजून घ्या: ‘वॉर अँड पीस’मध्ये १५ भाग आणि उपसंहाराचे २, ‘क्राइम अँड पनिशमेंट’मध्ये ६ भाग आणि उपसंहार, ‘ब्रदर्स करामाझोव्ह’मध्ये १२ पुस्तकं आणि उपसंहार.

किमतीचं म्हणाल तर शिवण शाबूत असलेल्या कापडी कादंबरीला दोनशे-अडीचशे रुपये आनंदाने द्यावेत. मुलांची न हाताळलेली पुस्तकं, त्यातही मॉस्कोहून थेट मराठीत छापून आलेली, त्याहून महाग पडली तरी घ्या. त्यांतली आर्ट पेपरवरची चित्रं मात्र एकेक उघडून बघा. ओल लागली की तो कागद वीट झाल्यासारखा चिकटतो आणि सोडवताना रंग निघतो.

घरी आणल्यावर पुस्तक थेट कपाटात ठेवू नका. कापड चिकटवायची खळ कसरीला फार आवडते. पुस्तक प्लॅस्टिकच्या पिशवीत हवाबंद करून उणे १८ अंशांच्या फ्रीजरमध्ये दोन आठवडे ठेवा. बाहेर काढल्यावर पिशवी एक दिवस उघडायची नाही, नाहीतर पानांवर दव धरतं. ठाण्यात जून ते सप्टेंबर हवेतली आर्द्रता बुरशीला पुरेशी असते, म्हणून कपाट बाहेरच्या भिंतीपासून तीन-चार बोटं पुढे ओढा आणि पुस्तकं दाटीवाटीने कोंबू नका. डांबराच्या गोळ्या पानांत ठेवायच्या नाहीत. सिलिका जेलच्या पुड्या चालतील, पण त्या ओलावल्या की बदलाव्या लागतात.