पोटगीचा अर्ज रखडलाय: त्याच कोर्टात पुन्हा अर्ज, की हायकोर्ट?

हिंदू विवाह कायद्याच्या कलम 24 नुसार अंतरिम पोटगीचा अर्ज नोटीस बजावल्यापासून शक्यतो 60 दिवसांत निकाली निघायला हवा. ‘शक्यतो’ या शब्दाच्या आडून वर्ष कसं निघून जातं, हे कुटुंब न्यायालयाच्या पायऱ्या झिजवणाऱ्यांना ठाऊक आहे.

पहिला मार्ग त्याच न्यायालयात लवकर सुनावणीचा अर्ज. खर्च किरकोळ. मुलाची फी थकल्याची शाळेची नोटीस किंवा घरमालकाचं पत्र जोडलं, तर अर्जाला वजन येतं. नुसतं ‘न्यायहितार्थ’ लिहून फारसं काही हलत नाही.

दुसरा, राज्यघटनेच्या अनुच्छेद 227 खाली हायकोर्टात याचिका: अर्ज ठराविक मुदतीत निकाली काढा, एवढीच मागणी. इथे वकिलाची फी वेगळी आणि रोजनाम्याची, म्हणजे प्रत्येक तारखेला कोर्टात काय झालं त्या नोंदीची, नक्कल हवीच. तारखा कुणी मागितल्या ते त्यातच दिसतं. निम्म्या तुमच्याच वकिलांनी मागितल्या असतील, तर याचिका तिथेच लंगडी पडते. शिवाय फेब्रुवारी 2024 मध्ये सुप्रीम कोर्टाच्या घटनापीठाने सांगितलंय की, खालच्या न्यायालयांना अशी मुदत अपवादात्मक परिस्थितीतच घालून द्यावी. त्यामुळे ‘हायकोर्टात गेलो की महिन्यात ऑर्डर’ असं कुणी छातीठोकपणे सांगत असेल, तर जरा सावध.

माझं मत: आधी खाली अर्ज करा. त्यावर काहीच हाललं नाही, तर तोच अर्ज आणि रोजनामा घेऊन वर जा. आणि आपलं मालमत्ता-उत्पन्नाचं प्रतिज्ञापत्र दाखल झालंय ना, तेवढं आधी बघा.