बीप की म्यूट?

भाचीला मुलाखतीतली शिवी झाकायची आहे. बीप टाकू की आवाज बंद करू, हा तिचा प्रश्न.

मेहनत दोन्हींत सारखीच: शब्दाची सुरुवात आणि शेवट नेमका पकडायचा. कानाला मात्र फरक पडतो. बीप म्हणजे साधारण 1000 हर्ट्झचा सूर. बोलण्याइतकाच मोठा ठेवला तर हेडफोनवर टोचतो, म्हणून बराच खाली घ्यावा. म्यूट सौम्य, पण आवाज आणि संगीत एकाच ट्रॅकवर असेल तर संगीतही तुटतं. रेडिओवर तर शांतता म्हणजे बिघाडच वाटतो. टीव्हीवर ओठ दिसतात, तिथे दोन्ही अपुरे. तोंडही धूसर करावं लागतं.

रेडिओ, पॉडकास्टला बीप. वेगळे ट्रॅक असलेल्या गंभीर माहितीपटाला म्यूट. पीडितेचं नाव लपवायचं असेल तर शब्द पूर्ण झाका, पहिलं अक्षरही सोडू नका.