कोल्हापुरातल्या एका वकील ऑफिसचा अनुभव – पाचापैकी चार स्टार

नाव टाकत नाही, पण क्वॉशिंगसाठी, म्हणजे हायकोर्टातून केस रद्द करून घ्यायला, वकील शोधताय तर वाचा. आमच्या अण्णांनी गल्लीतल्या एकाच्या सहा लाखाच्या हातउसन्याच्या स्टॅम्पवर साक्षीदार म्हणून सही केलेली, चहाला बोलावलं आणि सही घेतली एवढंच. घेणाऱ्यानं पैसे बुडवले आणि देणाऱ्यानं 2023 ला सगळ्यांवर केस टाकली, कलम 420 (फसवणूक), 406 (विश्वासघात), 34 (सगळ्यांनी मिळून केलं), त्यात अण्णा आरोपी नंबर तीन! वय 71.

मी पहिल्याच दिवशी अण्णांचं पासबुक घेऊन गेलो की बघा एक रुपया आला नाही. वकील म्हणाले पासबुक राहू दे, चार्जशीट आणलीय का? पुराव्याची छाननी क्वॉशिंगमध्ये होत नाही म्हणे, आरोप जसाच्या तसा खरा धरला तरी गुन्हा होतो का तेवढंच बघतात. मग माणूस पेन्सिल घेऊन बसला आणि 84 पानं आमच्यासमोर वाचली, अण्णांचं नाव फक्त दोन ठिकाणी आणि दोन्हीकडं "साक्षीदार म्हणून सही केली" एवढंच. फसवायचा हेतू पहिल्यापासून पाहिजे तरच 420, आणि 420, 406 एकाच व्यवहाराला दोन्ही लागत नाहीत असं सुप्रीम कोर्टानं 2024 ला दिल्ली रेस क्लबच्या केसमध्ये सांगितलंय, हे त्यांनी मला कळेल अशा भाषेत सांगितलं. जामीनदार म्हणून सही असती तर केस रद्द झाली तरी वसुली सुटली नसती, हेपण स्वतःहून सांगितलं. नाहीतर आधीचे एक वकील नुसतं "होऊन जाईल" म्हणत वर्षभर तारखा घेत होते.

ऑगस्ट 2025 ला हायकोर्टाचं सर्किट बेंच कोल्हापुरात आलं म्हणून परवडलं, नाहीतर प्रत्येक तारखेला मुंबई. केस रद्द करायचं जुनं सीआरपीसीचं कलम 482, नव्या बीएनएसएस कायद्यात त्याचं आता 528 झालंय, त्याखाली अर्ज टाकला, चार तारखांत अण्णांपुरती केस रद्द. पैसे घेणाऱ्यावर चालू आहे, ती चालूदेच.

आता स्टार का कापला. साहेब फोन उचलत नाहीत, ज्युनिअरला विचारलं तर "सर सांगतील". फी साठ हजार ठरलेली, वर झेरॉक्स आणि टायपिंगचे साडेतीन हजार क्लार्कनं पावती न देता घेतले. आणि मुख्य म्हणजे ऑर्डरची सर्टिफाइड कॉपी खालच्या कोर्टात द्यायची क्लार्क विसरला आणि महिन्यानं अण्णांना परत समन्स! हवालदार दारात बघून अण्णा दोन दिवस जेवले नाहीत. शेवटी कॉपी मीच नेऊन दिली आणि शिक्का मारून घेतला.

जायचं असेल तर संध्याकाळी सहानंतर जा, दिवसा सीपीआर हॉस्पिटलसमोर गाडी लावायला जागा मिळत नाही. चार्जशीटची पूर्ण कॉपी न्या, अर्धी नेली की परत पाठवतात.